सूर आणि प्रहर दाखवणारं जादूचं चित्र गोष्टीत कसं रचावं

दर श्रावणात दिवाळी अंकासाठी आलेल्या गोष्टी वाचायचं काम माझ्याकडे येतं. त्यात दोन-तीन तरी जादूची चित्रं निघतातच. जुना वाडा, माळ्यावरची ट्रंक, ट्रंकेत चित्र, चित्रात वीणा घेतलेली बाई आणि रात्री बाराला चित्रातून येणारे सूर. कल्पना चांगली असते, भाषाही बरी असते. पण तिसऱ्या पानावर पौर्णिमेचा चंद्र मध्यरात्री उगवतो, पहाटे कुणीतरी यमन गातं, तानपुऱ्याच्या पडद्यांवरून बोटं फिरतात, आणि तिथून पुढे मला काहीच खरं वाटेनासं होतं.

चूक बहुतेक वेळा क्रमाची असते. लिहिणारा जादूपासून सुरुवात करतो आणि वेळ नंतर कुठेतरी चिकटवतो. आधी वेळ ठरवा, मग राग, मग चित्र. जादू सगळ्यांत शेवटी. ती बाहेरून आणावीही लागत नाही, पहिल्या तीन गोष्टी नीट बसल्या की त्यांच्यातूनच सापडते. खाली मी एकच चित्र पहिल्या पायरीपासून शेवटपर्यंत बांधून दाखवलं आहे. चित्र काल्पनिक आहे, पण त्याच्याभोवतीचं ऊन, सावली आणि स्वर पुण्यातले खरे आहेत.

पूर्वतयारी

लिहायला बसण्याआधी एक आठवडा राखून ठेवा. लागणाऱ्या गोष्टी फार नाहीत:

- सूर्योदय, सूर्यास्त आणि चंद्रोदयाच्या वेळा दिलेली भिंतीवरची दिनदर्शिका.
- निवडलेल्या रागाची किमान तीन वेगवेगळ्या गायकांची ध्वनिमुद्रणं, त्यांतलं एक तरी सविस्तर विलंबित, म्हणजे संथ लयीतल्या, ख्यालाचं.
- एक वही. डाव्या पानावर जे खरं आहे ते, उजव्या पानावर जे तुम्ही रचलं आहे ते.

बाजीराव रस्त्याजवळ राजा दिनकर केळकर संग्रहालय आहे, तिथला वाद्यांचा संग्रह एकदा जवळून बघा. जुन्या रागचित्रांत दिसणारी वीणा म्हणजे सहसा दोन भोपळ्यांची, मध्ये सरळ दांडी असलेली. सतार वेगळी, तानपुरा वेगळा. तानपुऱ्याला पडदे नसतात, हे वाक्य वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

डाव्या-उजव्या पानांची ती विभागणी मात्र टाळू नका. दोन्ही एकाच पानावर लिहिलं की महिन्याभराने आपलंच रचलेलं आपल्याला खरं वाटायला लागतं आणि गोष्टीत दोन ठिकाणी दोन नियम येतात.

पायरी १ : वेळ ठरवा, आणि ती पुण्याची ठरवा

दिवसाचे चार प्रहर, रात्रीचे चार. दिवस-रात्र मिळून साठ घटिका, म्हणून साडेसात घटिकांचा प्रहर, आणि घटिका चोवीस मिनिटांची. हे सगळ्यांना पाठ असतं. गायकमंडळीही बोलताना सहा ते नऊ, नऊ ते बारा असे ठोकळ प्रहर धरतात. मैफिलीला तेवढं पुरतं. गोष्टीत मात्र ऊन दाखवायचं असतं, म्हणून सूर्याचा हिशेब लागतो.

सूर्योदय ते सूर्यास्त एवढ्या काळाचे चार भाग करा. पुण्यात जूनच्या तिसऱ्या आठवड्यात दिवस सुमारे सव्वातेरा तासांचा असतो, म्हणजे प्रहर तीन तास अठरा मिनिटांच्या आसपास. डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात दिवस अकरा तासांचा, तेव्हा प्रहर पावणेतीन तासांचा. रात्रीचं याच्या उलट.

दुसरी गोष्ट बहुतेकांच्या लक्षात येत नाही. आपलं घड्याळ ८२.५ अंश रेखांशावर लावलेलं आहे आणि पुणे आहे ७३.८ अंशांच्या आसपास. त्यामुळे सूर्य डोक्यावर येतो तो बाराला नाही, सरासरी बारा पस्तीसच्या सुमारास. वर्षभरात ही वेळ पंधरा-सोळा मिनिटं मागेपुढे होते. खरी मध्यरात्रसुद्धा तशीच, साडेबाराच्या सुमारास. "टोले पडले बारा आणि सावली पायाखाली आली" हे वाक्य पुण्यात चुकीचं ठरतं.

आपल्या चित्रासाठी मी दिवसाचा दुसरा प्रहर घेते, आणि महिना मे. मेच्या मध्यावर पुण्यात सूर्य सहाच्या जरा पुढे उगवतो आणि सातला मावळतो. दुसरा प्रहर साधारण सव्वानऊला सुरू होऊन साडेबाराला संपतो. डाव्या पानावर एवढंच लिहा.

*तपासा : रात्र निवडली असेल तर आत्ताच तिथी ठरवा. पौर्णिमेचा चंद्र सूर्यास्ताला पूर्वेला उगवतो आणि मध्यरात्री माथ्यावर येतो. शुद्ध अष्टमीचा चंद्र सूर्यास्तालाच माथ्याजवळ असतो आणि मध्यरात्रीच्या सुमारास मावळतो. वद्य अष्टमीचा तेव्हा कुठे उगवतो. घरात कुणी संकष्टी करत असेल तर त्यांना विचारा. वद्य चतुर्थीला चंद्राची वाट बघत ताटावर थांबलेलं माणूस ही चूक कधीच करणार नाही.*

पायरी २ : त्या वेळेचा राग शोधा

उलट करू नका. आवडता राग घेऊन त्याच्यासाठी वेळ शोधायला गेलात की निम्म्या गोष्टी मालकंसाच्या होतात, कारण तो सगळ्यांनाच आवडतो.

ढोबळ आराखडा असा. पहाटे-सकाळी भैरव, रामकली. दिवसाच्या दुसऱ्या प्रहरी तोडी. तिसऱ्या प्रहरी भीमपलास. सूर्यास्ताच्या संधिप्रकाशात मारवा, श्री, पूरिया धनाश्री. दिवेलागणीनंतर यमन. रात्रीच्या दुसऱ्या प्रहरी बिहाग, तिसऱ्या प्रहरी मालकंस, आणि रात्र सरता सरता ललत. मल्हाराचे प्रकार पावसाळ्यात आणि बसंत वसंतात कोणत्याही वेळी गातात, तेव्हा तिथे प्रहराऐवजी ऋतू धरायचा.

ही वाटणी उगाच झालेली नाही, तिच्यात स्वरांची काही सूत्रं आहेत. संगीतशास्त्रकार भातखंड्यांनी मध्यमाला (म) वाट दाखवणारा स्वर म्हटलं आहे: सकाळकडे शुद्ध मध्यमाचं प्राबल्य, संध्याकाळनंतर तीव्र मध्यमाचं. कोमल ऋषभ दिवस-रात्रीच्या सांध्यावर भेटतो. तोडी या सूत्राला अपवाद आहे. सकाळचा राग असूनही तिच्यात मध्यम तीव्र, आणि ऋषभ, गंधार, धैवत तिन्ही कोमल. मला म्हणूनच ती गोष्टीसाठी फार आवडते. भर उन्हात काहीतरी सावलीतलं ऐकू येतंय असं तिचं वाटणं, आणि पुढची सगळी जादू मी त्यावरच उभी केली आहे.

वाद्यांचे तपशीलही याच पायरीवर नक्की करा. तानपुऱ्याची पहिली तार बहुतेक रागांत पंचमात लावतात. मालकंसात पंचम नाही, म्हणून ती मध्यमात लावावी लागते. ललतातही पंचम नाही. मारव्यात पंचम नाही आणि शुद्ध मध्यमही नाही, म्हणून तिथे सहसा निषाद. तुमच्या गोष्टीतली आजी मालकंस गाण्याआधी "पंचम जरा चढलाय" म्हणत असेल तर ती गाणारी नाही, हे जाणकाराला लगेच कळतं.

*सावधान : रागाचं वर्णन विशेषणांनी करू नका. "करुण", "गूढ", "अलौकिक" हे शब्द कोणत्याही रागाला लागू पडतात. तीन ध्वनिमुद्रणं ऐका आणि तिन्ही गायक ज्या एका जागी थांबतात ती जागा शोधा. तोडीत कोमल गंधारावरचा तो खाली झुकलेला, हलता ठहराव कान देऊन ऐका. तो लिहिता आला तर विशेषण लागत नाही.*

पायरी ३ : चित्र ही वस्तू म्हणून उभी करा

इथे सगळ्यांत जास्त घाई होते. चित्र म्हटलं की डोळ्यांपुढे भिंतीवरची मोठी सोनेरी चौकट येते. रागमालेची, म्हणजे राग-रागिण्यांवर काढलेली, जुनी चित्रं लहान, कागदावरची. ती टांगायची नसत. बस्त्यात बांधून किंवा पोथीसारखी गठ्ठ्यात ठेवत आणि हातात घेऊन, चेहऱ्याजवळ आणून बघत. तुमच्या प्रसंगाचा सगळा नूर यामुळे बदलतो: चित्र बघणारा भिंतीपुढे उभा राहत नाही, मांडीवर चित्र घेऊन बसतो.

कागद एकावर एक चिकटवून जाड केलेला, वरून गुळगुळीत दगडाने घोटलेला. उजेडात तिरपा धरला की त्याला हलकी चकाकी येते. रंग म्हणजे गेरू, नीळ, काजळी, हिंगूळ, हरताळ, डिंकात कालवलेले. पोथीतली चुकलेली अक्षरं पुसायलाही हाच पिवळा हरताळ फासत, आणि आपण अजूनही कामावर हरताळ फासला म्हणतो. कुणाला गोष्टीत काही लपवायचं असेल तर पिवळ्या रंगाखाली लपवा, भाषेनेच ती सोय करून ठेवली आहे.

जुन्या चित्रांत पाण्यासाठी कधीकधी चांदी वापरलेली असते. ती काळानुसार काळवंडते. हा खरा बदल आहे, जादूचा नाही. तुमच्या गोष्टीत तळं काळं झालं असेल तर वाचणाऱ्याला आधी वाटू द्या की चांदीच काळवंडली असणार.

आता आपलं चित्र. तोडी रागिणीच्या पारंपरिक चित्रात वीणा घेतलेली स्त्री आणि तिच्याभोवती जमलेली हरणं असतात. ती मांडणी घेतली. हरणं तीन. बाई उजवीकडे तोंड करून उभी. मागे एक झाड. आकार ताटाएवढा.

एक काळजी घ्या: जुन्या चित्रांवरची रागांची नावं आणि आज गायले जाणारे राग एकास एक जुळत नाहीत. चित्रकाराने काढलेली तोडी आणि आजची मियाँ की तोडी एकच, असं गोष्टीतल्या एखाद्या प्राध्यापकाच्या तोंडी घालू नका. पात्रांना तसं वाटायला हरकत नाही.

पायरी ४ : काही न होणारं चित्र आधी लिहा

एक पान भरून, जादू न आणता, फक्त चित्राचं वर्णन लिहा. हे पान गोष्टीत येणार नाही, तरी ते लिहा. मी ही पायरी न सोडणाऱ्या एकाही लेखकाची गोष्ट फसलेली पाहिलेली नाही.

वर्णन करताना एक गोष्ट लक्षात येईल, आणि आली नाही तर चित्र परत बघा. या चित्रांत सावल्या नसतात. माणसं, झाडं, हरणं यांपैकी कुणाचीच सावली जमिनीवर पडत नाही. रात्रसुद्धा गडद निळ्या आकाशाने, चंद्राने, पेटलेल्या दिव्याने सांगायची, पण चेहरे दिवसासारखेच उजळ. काळ खुणांनी दाखवायचा, उजेडाने नाही.

मला जादू इथे सापडली. ज्या चित्रात सावली असूच शकत नाही, त्यात एक सावली पडते.

स्थिर वर्णनातच दिशा ठरवून टाका. चित्र बघणाऱ्याचं तोंड उत्तरेला आहे असं धरलं तर उजवी कड पूर्व होते. म्हणजे बाई पूर्वेकडे बघते आहे आणि सकाळी कुणाची सावली पडलीच तर ती डावीकडे पडेल. हे आता ठरवलं नाही तर पाचव्या पानावर सावली उजवीकडे जाते आणि एखादी चौथीतली मुलगी पत्र लिहून ते कळवते.

पायरी ५ : एकच बदल, मोजता येणारा

चित्रातून सूर येतात, बाई डोळे मिटते, आकाशाचा रंग पालटतो, हरणं पळतात, सुगंध दरवळतो. एवढं सगळं एका प्रसंगात घालू नका. बदल एकच ठेवा आणि त्याला माप द्या.

आपला नियम: दुसऱ्या प्रहरात, चित्र उघडं असताना, समोर कुणी तोडी गायलं तर चित्रातल्या एका हरणाला सावली येते. ती सावली पुण्यातल्या त्या क्षणीच्या सावलीइतकीच असते.

माप आपोआप मिळालं. मेच्या मध्यावर सव्वानऊला उभ्या वस्तूची सावली जवळपास तिच्या उंचीएवढी असते. मग ती आखडत जाते. डिसेंबरात त्याच प्रहराच्या आरंभी ती उंचीच्या दीडपटीहून जास्त लांब. म्हणजे एकच चित्र थंडीत आणि उन्हाळ्यात वेगळं दिसणार.

गाण्याचा काळही मोजून घ्या. अतिविलंबित एकतालाचं एक आवर्तन, म्हणजे तालाचा एक पूर्ण फेरा, जवळजवळ मिनिटभर चालतं. बदल कुठेही न होता समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, होऊ द्या. वाचणारा मग सम येण्याची वाट बघतो. गाणं न कळणारासुद्धा बघतो.

बंदिशीचे शब्द द्यायचे असतील तर स्वतः रचा, दोन ओळी पुरतात.

पायरी ६ : किंमत

नियम ठरला की विचारा, हे कुणाच्या वाट्यातून जातं? किंमत नसली की जादू म्हणजे नुसती शोभा.

किंमत बदलाच्याच जातीची हवी. सावली येते, तर सावलीच जावी. हरणाला जेवढी सावली मिळते तेवढी गाणाऱ्याची फिकी होते. आजारपण, मृत्यू, शाप असलं काही नको. ते दुसऱ्या गोष्टीतून उसनं आणल्यासारखं वाटतं. सावली फिकी होणं एवढंच, आणि ते गाणाऱ्या आत्याच्या स्वतःच्या लक्षात न येता चित्र बघणाऱ्या भाचीच्या लक्षात यावं. कारण सावली आपली आपण कमी बघतो.

चुकीच्या वेळी गायलं तर काय, तेही लिहून ठेवा. उत्तर "काहीच होत नाही" असं असलं तरी चालेल, मला तर तेच जास्त आवडतं. रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद ठेवायचा नियम आल्यापासून उत्तररात्रीचे राग मंचावर त्यांच्या वेळी ऐकणं दुर्मिळ झालं आहे. तोडीऐवजी मालकंसाचं चित्र घेतलंत तर ही खरी अडचणच कथानक होते: चित्र बघायचं तर कुणीतरी घरात, बंद दाराआड, रात्री एकला गायला हवं.

पायरी ७ : प्रसंग लिहा

आता कुठे लिहायला बसायचं. आधी न चालणारा नमुना देते, असे दर वर्षी येतात:

"आत्याच्या जादुई स्वरांच्या लहरी चित्राला स्पर्शून गेल्या आणि जणू काळच थांबला."

यात एकही गोष्ट दिसत नाही. "जणू" आलं की लेखकाने बघणं सोडलं असं समजा. त्याच जागी हे:

"आत्या गंधारावर थांबली. तो स्वर हलत होता, पण जागा सोडत नव्हता. चित्र माझ्या मांडीवर होतं, उजवी कड खिडकीकडे. तिने ठेक्यावर मान हलवत खाली येऊन सम गाठली, आणि डावीकडच्या हरणाच्या खुरांपाशी कागद ओला झाल्यासारखा गडद झाला. मी बोट लावलं. कोरडा होता. खालून कुकर लावल्याचा आवाज आला. आत्याने दुसरं आवर्तन धरलं."

कुकर मुद्दाम आहे. सकाळी साडेनऊला पुण्यातल्या घरात काय चालू असतं ते प्रसंगात असू द्या, त्याने प्रहर सांगितला जातो आणि घड्याळाकडे बघावं लागत नाही. भाजीवाल्याची हाक, दूध तापवलेल्या पातेल्याची खरवड, वाळत घातलेल्या साडीचं पाणी. मात्र एका प्रसंगात एक किंवा दोन, सगळे नकोत.

*तपासा : प्रसंगातून जादूचं वाक्य काढून टाका आणि उरलेलं वाचा. घरातली एक सकाळ म्हणून ते उभं राहतं का? राहत नसेल तर पायरी चारकडे परत जा.*

नेहमीच्या तीन चुका इथेच होतात. पात्र लगेच घाबरतं. खरं माणूस आधी बोट लावून बघतं. पात्र दुसऱ्याला समजावून सांगायला लागतं, आणि नियम संवादात येऊन पडतो, तोही पुस्तकी मराठीत. तिसरी चूक, भाची आत्याला एका पानावर "तुम्ही" म्हणते आणि पुढच्या पानावर "तू". घरात जे म्हणतात ते शेवटपर्यंत ठेवा.

पायरी ८ : शेवट नियमातूनच काढा

शेवटासाठी नवीन जादू आणू नका. डावं पान उघडा, बहुतेकदा तो तिथेच असतो.

आपल्या पानावर काय आहे? सावली, दुसरा प्रहर, पुणे, मे. पुण्यात १३ मेच्या आसपास एका दुपारी सूर्य बरोबर माथ्यावर येतो आणि उभ्या वस्तूची सावली नाहीशी होते. जुलैच्या अखेरीस पुन्हा एकदा. मधल्या दिवसांत मध्यान्हीची सावली उत्तरेऐवजी किंचित दक्षिणेला पडते, हेही ठाऊक असू द्या. मेमधला तो क्षण घड्याळात साधारण १२ वाजून ३१ मिनिटांचा. दुसरा प्रहरही तिथेच संपतो, आणि तोडीची वेळही.

म्हणजे वर्षातून दोनदाच असं होतं की तोडीच्या अगदी शेवटच्या समेवर हरणाकडे सावली उरत नाही आणि गाणाऱ्याकडेही जवळजवळ नाही. कुणाचं कुणाकडे काही देणं राहत नाही. पुढच्या मिनिटाला सावल्या परत फुटतील तेव्हा कोणती कुणाच्या पायाशी फुटेल, हा तुमच्या गोष्टीचा शेवट. तो मी सांगणार नाही, तुमचा तुम्ही ठरवा.

लिहिण्याआधी एक काम करा. १३ मेच्या दुपारी सव्वाबारालाच गच्चीवर जा. काचेची नको, सरळ उभ्या कडांची एखादी अपारदर्शक बाटली किंवा पाइपचा तुकडा सपाट जागेवर उभा ठेवा. दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाशी खडूने रेघ मारा. स्वतःच्या पायांकडेही बघा. माणसाची सावली पूर्ण जात नाही, खांद्यांची सावली पावलांभोवती गोळा होऊन राहते. आत्याचं वर्णन करताना हा फरक लागेल. फरशी तापलेली असते, चपला काढू नका, आणि बाटलीची सावली कडेच्या आत गेली की घड्याळ बघून वेळ वहीच्या डाव्या पानावर टिपून घ्या.